सोपोटला जॅझ रस्त्यावर आला, त्याआधीची सात वर्षं

बाल्टिक समुद्राकाठी सोपोट नावाचं गाव आहे. पोलिश लोक उन्हाळ्यात हवापालटासाठी तिथे जातात. समुद्रात पाचशे मीटरहून लांब शिरलेला लाकडी धक्का आणि त्याच्याकडे उतरत जाणारा मुख्य रस्ता ही या गावाची ओळख. ऑगस्ट १९५६ मध्ये या रस्त्यावरून वादकांची मिरवणूक निघाली. अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्स शहरात मयताबरोबर बँड वाजवत जातात, अगदी त्या धर्तीवर. पुढे क्लॅरिनेट, ट्रम्पेट, ढोल आणि मागे सगळी तरुण पोरं. ६ ते १२ ऑगस्ट असा आठवडाभर पोलंडचा पहिला जॅझ महोत्सव चालला. किती माणसं आली याचे आकडे वेगवेगळे सांगितले जातात, पण तीस हजारांच्या खाली सहसा कोणी बोलत नाही.

ही तारीख जरा थांबून पाहायला हवी. बरोबर एकोणचाळीस दिवस आधी, २८ जूनला, पोझनान शहरात कामगार रस्त्यावर आले होते. कारखान्याला नाव स्टालिनचं, आणि मागणी पगाराची, भाकरीची. सरकारने रणगाडे आणले. पन्नासहून जास्त माणसं मेली. ते रक्त वाळतं न वाळतं तोच त्याच देशात, त्याच सरकारच्या परवानगीने, कालपर्यंत साम्राज्यवाद्यांचं विष म्हणून हिणवलेलं संगीत भर रस्त्यात वाजत होतं. आणि त्या महोत्सवातला पुढे सर्वांत मोठा ठरलेला गट पोझनानमधूनच आलेला होता.

हे घडलं कसं? नेहमीचं उत्तर आपल्याला पाठ आहे. १९५३ च्या मार्चमध्ये स्टालिन गेला, १९५६ च्या मार्चमध्ये पोलंडचा स्टालिनवादी नेता बिएरुत गेला, बर्फ वितळू लागला आणि स्वातंत्र्याचं संगीत वर आलं. यात खोटं काही नाही. पण दार उघडल्यावर बाहेर यायला आत कोणीतरी असावं लागतं. मला या प्रकरणात ओढ आहे ती आतल्या माणसांची. बंदीच्या सात वर्षांत ती काय करत होती, कशावर तग धरून होती, हे पाहिलं तरच सोपोटचा आठवडा समजतो.

आधी जे पुसलं गेलं

युद्धापूर्वी वॉर्सामध्ये नाचगाण्याची, हलक्याफुलक्या जॅझची मोठी दुनिया होती आणि ती बरीचशी ज्यू कलावंतांनी उभी केलेली होती. आर्तुर गोल्डचा वाद्यवृंद शहरभर गाजत होता. नाझींनी त्याला ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत नेलं, तिथे कैद्यांचा वाद्यवृंद चालवायला लावला आणि १९४३ मध्ये मारून टाकलं. ट्रम्पेटवादक आदी रोझनर सोव्हिएत हद्दीत पळाला, तिथे नावारूपाला आला आणि युद्ध संपल्यावर १९४६ मध्ये गुलागमध्ये, म्हणजे सोव्हिएत श्रमछावण्यांत, गेला. संगीतकार हेन्रिक वार्स वाचला, पण पुढे अमेरिकेत स्थायिक झाला. वॉर्सा शहराचा ऐंशी टक्क्यांहून अधिक भाग जमीनदोस्त झालेला होता.

म्हणून १९४५ नंतर ज्या पोरांनी क्लॅरिनेट हातात धरला, त्यांना शिकवणारं फारसं कोणी उरलेलं नव्हतं. पोलिश जॅझचा अभिमानाने गायला जाणारा इतिहास या रिकाम्या जागेवर उभा आहे. तो सांगताना ही जागा झाकली जाऊ नये, असं मला मनापासून वाटतं.

वायएमसीएच्या छपराखाली

युद्धानंतरची पहिली तीन-चार वर्षं सगळंच बंद नव्हतं. वॉर्सामध्ये कोनोप्नित्स्का रस्त्यावरची वायएमसीएची, म्हणजे ख्रिस्ती युवक संघटनेची, इमारत युद्धातून वाचली होती. आत पोहण्याचा तलाव, सभागृह आणि राहायला लहान लहान खोल्या. यातल्या एका खोलीत लेओपोल्ड टिरमांड हा तरुण पत्रकार राहायचा. १९४७ मध्ये त्याने त्याच इमारतीत जॅझच्या मैफली भरवायला सुरुवात केली. त्याच सुमारास नकाशात आपण ज्याला लॉड्झ म्हणतो त्या वूच शहरात, तिथल्या वायएमसीएमध्ये, येजी मातुश्केविच नावाच्या पोराभोवती एक टोळकं जमलं. त्याला सगळे 'दुदुश' म्हणत. गटाचं नाव पडलं मेलोमानी, म्हणजे संगीतवेडे.

१९४९ मध्ये वायएमसीए बंद करण्यात आली. त्याच वर्षी वागूव गावी संगीतकारांची परिषद भरली आणि समाजवादी वास्तववाद, म्हणजे समाजवादाची बाजू सोप्या भाषेत मांडणारी कला, हाच एक मार्ग, असं ठरलं. जॅझवर बंदी घालणारा स्वतंत्र कायदा करायची गरजच पडली नाही. सभागृहं सरकारची, रेडिओ सरकारचा, रेकॉर्ड काढणारी कंपनी सरकारची. जागा दिली नाही की काम झालं.

कॅटॅकोम्बची वर्षं

१९४९ ते १९५४-५५ या काळाला पोलिश लोक 'कॅटॅकोम्ब' म्हणतात. रोममध्ये सुरुवातीचे ख्रिस्ती जमिनीखालच्या थडग्यांच्या भुयारांत लपून जमायचे असं सांगतात, त्या भुयारांवरून हे नाव आलं. ऐकून वाटतं, तळघर, मेणबत्ती, पहारा. प्रत्यक्षात ही तळघरं म्हणजे बहुतेक वेळा कुणाचीतरी राहती खोली असे.

क्राकूव्ह शहरात विटोल्ड कुयाव्स्की या बासवादकाचं लहानसं घर होतं. तिथे मातुश्केविच यायचा, इतर वादक यायचे. पोझनानमध्ये डॉक्टरकी शिकणारा एक लाजाळू तरुण, क्शिश्तोफ त्शचिन्स्की, पियानोपुढे बसायला म्हणून क्राकूव्हपर्यंत यायचा. लहानपणच्या पोलिओने त्याच्या चालण्यात किंचित दोष राहिला होता. कुयाव्स्कीची आणि त्याची ओळख शाळेपासूनची. आपल्याकडे घरगुती बैठक ज्याला म्हणतात तीच ही गोष्ट: आठ-दहा माणसं, गुडघ्याला गुडघा लावून, वाजवणारा आणि ऐकणारा यांत हातभराचं अंतर. फरक इतकाच की इथे शिकवणारा गुरू समोर नव्हता. गुरू रेडिओत होता, आणि तोही खरखरत.

हे कसं शिकले असतील याचा विचार केला की मी थक्क होतो. जर्मनीतल्या अमेरिकन सैनिकांसाठीचं रेडिओ केंद्र रात्री लागायचं. कान लावून धून उतरवायची. एकदा निसटलेली ओळ पुन्हा कधी ऐकायला मिळेल याचा भरवसा नाही, मग चौघांनी मिळून आठवायची. जानेवारी १९५५ पासून व्हॉइस ऑफ अमेरिका या अमेरिकन सरकारच्या रेडिओ केंद्रावर विलिस कोनोव्हरचा रोजचा जॅझचा कार्यक्रम सुरू झाला. आवाज खोल, बोलणं संथ आणि स्पष्ट, त्यामुळे इंग्रजी जेमतेम येणाऱ्यालाही वादकांची नावं टिपून घेता यायची. त्या केंद्राला कायद्याने अमेरिकेत प्रक्षेपणाची मुभा नव्हती. म्हणून हा माणूस स्वतःच्या देशात जवळपास अनोळखी, आणि पोलंडमधल्या पोरांना मात्र घरच्यासारखा. १९५९ मध्ये तो वॉर्साला उतरला तेव्हा विमानतळावर फुलं, कॅमेरे, बँड घेऊन गर्दी उभी होती. त्याला वाटलं, विमानात कोणी मोठा माणूस असेल.

रस्त्यावर या वेडाची खूण होती कपड्यांची. अशा पोरांना 'बिकिनिआझे' म्हणत. घोट्यापर्यंतच येणारी अरुंद पँट, कारण खालचे रंगीत पट्ट्यापट्ट्यांचे मोजे दिसले पाहिजेत. जाड रबरी तळाचे बूट. त्या तळाला लोकांनी नाव दिलं होतं 'स्वोनिना', म्हणजे डुकराच्या चरबीची लादी. मानेवर मागे वळवलेले लांब केस. वर्तमानपत्रांतून त्यांची व्यंगचित्रं यायची, आणि युवक संघटनेचे कार्यकर्ते त्यांना धरून पँट किंवा केस कापायचे. टिरमांडचे रंगीत मोजे तर पुढे दंतकथाच झाले. सगळं राखाडी करून टाकलेल्या शहरात घोट्यापाशी चार बोटं रंग दाखवणं हे त्या पोरांनी पूर्ण समजून घेतलेलं धाडस होतं.

धाडसाची किंमतही होती. आंजेय कुरिलेविच क्राकूव्हच्या संगीत अकादमीत शिकत होता. जॅझ वाजवतो म्हणून १९५४ मध्ये त्याला काढून टाकलं. टिरमांड ज्या कॅथलिक साप्ताहिकात लिहायचा, त्याने स्टालिनचा मृत्युलेख सांगितला तसा छापायला नकार दिला आणि ते सरकारने संपादकांच्या हातून काढून घेतलं. टिरमांड बेकार झाला.

सरकारच्याच घरात

आता मला या प्रकरणाची किल्ली वाटते ती गोष्ट सांगतो. वायएमसीए गेल्यावर मेलोमानी कुठे गेले? वूचच्या सरकारी चित्रपट विद्यालयात. मातुश्केविच तिथे छायाचित्रणाचा विद्यार्थी झाला. ड्रमवादक विटोल्ड सोबोचिन्स्कीही तिथलाच. पुढे तो पोलंडचा नामांकित कॅमेरामन झाला. विद्यार्थ्यांच्या नाचाच्या कार्यक्रमांत ते वाजवायचे. बाहेर जो जॅझ चालत नव्हता तो या आवारात चालून जायचा.

अशा फटी सगळीकडे होत्या. क्राकूव्हमध्ये १९५४ साली एका शाळेच्या व्यायामशाळेत मैफल झाली. दिवस निवडला होता मृतांच्या स्मरणाचा. वसईकडचे आणि गोव्याचे ख्रिस्ती लोक २ नोव्हेंबरला कबरींवर मेणबत्त्या लावतात, तोच तो सण. 'झादुश्की' नावाने ही मैफल दर वर्षी भरू लागली आणि आजही भरते. पुढच्या वर्षी, १९५५ च्या उन्हाळ्यात, वॉर्सामध्ये जागतिक युवक महोत्सव झाला. भरवला साम्यवादी जगानेच, पण देशोदेशींची हजारो पोरं आली, त्यांच्याबरोबर त्यांचे बँड आले, आणि परक्या पाहुण्यांसाठी वाजतंय म्हटल्यावर घरच्यांना अडवणं अवघड झालं. १९५६ च्या सुरुवातीला ग्दान्स्कमध्ये युझेफ बाल्त्सेराकने 'जॅझ' नावाचं मासिक काढलं. सोव्हिएत गटातल्या देशांत असं मासिक पहिलंच.

आणि युक्तिवाद? तोही सरकारच्याच शब्दांत. जॅझ हे अमेरिकन भांडवलदारांचं संगीत असेल, तर ते जन्मलं कुठे? गुलामांच्या शेतांवर, पिळलेल्या काळ्या माणसांच्या वस्तीत. मग ते शोषितांचं संगीत नाही का? हे फक्त परवान्यासाठी जुळवलेलं होतं असं मी म्हणणार नाही, कारण ते खरंच होतं. सेन्सॉरपुढे बसलेल्या माणसाला आपल्याच पोथीतली ओवी समोर आली की ती नाकारणं कठीण जातं.

सोपोटचा महोत्सव टिरमांड आणि ग्दान्स्कचा पत्रकार फ्रान्चिशेक वालित्स्की यांच्या खटपटीतून उभा राहिला. माझ्या मते परवानगी मिळण्यात भीतीचाही वाटा होता. पोझनाननंतर तरुणांना आणखी डिवचायची सरकारची तयारी नव्हती. रस्त्यावर यायचंच असेल तर दगडाऐवजी ट्रम्पेट घेऊन या, असा हिशोब कोणी मोठ्याने केला असेल-नसेल, परिणाम मात्र तोच झाला.

दोन तऱ्हेचं ऐकणं

त्या आठवड्यात मेलोमानींनी गर्दी पेटवली. त्यांचा जॅझ जुन्या, धावत्या वळणाचा. सात वर्षं दाबलेला आनंद बाहेर यायला तो योग्यच होता. पण याच व्यासपीठावर पोझनानहून आलेले सहा जण बसले. पियानोवर तोच त्शचिन्स्की, आता कान-नाक-घशाचा डॉक्टर. दवाखान्यात कळू नये म्हणून त्याने दुसरं नाव घेतलं होतं: कोमेदा. लहानपणी भिंतीवर 'कोमेंदा', म्हणजे ठाणं, असं लिहिताना एक अक्षर गळलं आणि तेच टोपणनाव झालं, असं सांगतात. सोबत यान व्रुब्लेव्स्की, ज्याला सगळे 'प्ताशिन', म्हणजे पाखरू, म्हणत, आणि व्हायब्राफोनवर, म्हणजे धातूच्या पट्ट्यांवर काठ्यांनी वाजवायच्या वाद्यावर, येजी मिलियन. ट्रम्पेट नाही, गडगडाट नाही. मॉडर्न जॅझ क्वार्टेट या अमेरिकन गटाच्या वळणाचं, शांत, अंतर राखून वाजवलेलं संगीत. यावर नाचता येत नाही, ऐकावं लागतं.

सोपोटचा मला वाटणारा खरा नफा हा आहे. नुसती मोकळीक हवी असती तर मेलोमानींनी ती दिलीच होती. कोमेदाने दाखवलं की मोकळं झाल्यावर काय बोलायचं याचाही विचार कोणीतरी बंद खोलीत बसून केलेला आहे. त्याने पुढे डॉक्टरकी सोडली. १९६० मध्ये आंजेय वायदाने काढलेल्या एका चित्रपटाचा नायक जॅझ वाजवणारा तरुण डॉक्टर आहे आणि संगीत कोमेदाचं. ते आयुष्य कुठून आलं हे सांगायला नको. व्रुब्लेव्स्की १९५८ मध्ये अमेरिकेच्या न्यूपोर्ट महोत्सवात आंतरराष्ट्रीय युवक वाद्यवृंदात वाजवून आला.

इथे मुंबई आठवल्याशिवाय राहत नाही. त्याच दशकांत मुंबईच्या हॉटेलांत जॅझ वाजत होता आणि वाजवणारे बरेचसे गोव्याचे. चिक चॉकलेटसारखे वादक चर्चच्या संगीतशाळेत स्वरलिपी वाचायला शिकून आलेले, आणि वाजवणं हे त्यांचं पोट. रात्री हॉटेल, दिवसा हिंदी सिनेमाचं रेकॉर्डिंग. पोलंडमध्ये उलट: वाजवणारा विद्यार्थी, डॉक्टर, कॅमेरामन, कानावर शिकलेला, पोट दुसरीकडे भरणारा. बंदीला त्याचं पोट आवळता आलं नाही, याचं एक कारण हे असावं.

दार अर्धं लागलं, तेव्हा

ऑक्टोबर १९५६ मध्ये साम्यवादी नेता गोमुल्का सत्तेवर आला आणि लोकांना वाटलं आता सगळं बदलणार. वर्षभरात, ऑक्टोबर १९५७ मध्ये, त्या बदलाचा आवाज झालेलं तरुणांचं साप्ताहिक बंद करण्यात आलं. वॉर्सामध्ये विद्यार्थी रस्त्यावर आले, पोलिसांनी लाठ्या चालवल्या. आणि जॅझ? तो राहिला. इतकंच नाही, जानेवारी १९५८ मध्ये मेलोमानी वॉर्साच्या राष्ट्रीय फिलहार्मोनिकच्या सभागृहात वाजवत होते. त्याच वर्षी सोपोटचा वारसा राजधानीत आला: 'स्तोदोवा' या विद्यार्थी क्लबमध्ये पहिला जॅझ जांबोरी भरला. १९६५ पासून सरकारी रेकॉर्ड कंपनी 'पोलिश जॅझ' ही मालिका काढू लागली. १९८९ पर्यंत तिचे ७६ खंड निघाले.

याचा अर्थ कसा लावायचा यावर पोलंडमध्येच मतभेद आहेत. लिहिलेला शब्द सरकारला परवडत नव्हता, न बोलणारा सॅक्सोफोन परवडत होता, हे उघड आहे. टिरमांडला ही तडजोड मानवली नाही. सेन्सॉरशी झगडून कंटाळलेला तो १९६५ मध्ये देश सोडून गेला. पण मी त्या वादकांना दोष देऊ शकत नाही. पगार, सभागृह, रेकॉर्ड, परदेशी जायचा पासपोर्ट हे सगळं मिळाल्यावर त्यांनी मिंधं संगीत केलं असतं तर गोष्ट वेगळी. त्यांनी काय केलं, ते कोमेदाची डिसेंबर १९६५ मध्ये ध्वनिमुद्रित झालेली 'अस्तिग्मातिक' ही रेकॉर्ड ऐकून कळतं. अमेरिकेची नक्कल कुठे संपली आणि स्वतःची भाषा कुठे सुरू झाली, हे दाखवायला ती एक पुरे. झ्बिग्निएव्ह नामिस्वोव्स्कीने डोंगराळ भागातल्या लोकसंगीताची वळणं जॅझमध्ये आणली. कोमेदा १९६८ मध्ये हॉलिवूडला गेला, तिथे डोक्याला इजा झाली आणि एप्रिल १९६९ मध्ये, अडतिसावा वाढदिवस चार दिवसांवर असताना, वॉर्सामध्ये वारला.

एक धागा आपल्याकडे

मार्च १९५८ मध्ये अमेरिकन सरकारने जॅझ पियानोवादक डेव्ह ब्रूबेकची चौकडी पोलंडच्या दौऱ्यावर पाठवली. श्चेचिनपासून क्राकूव्हपर्यंत त्यांनी मैफली केल्या. पोलिश संगीतकार शोपॅंच्या वस्तू पाहून ब्रूबेकने एक रचना बांधली, तिला पोलिश नाव दिलं 'जेन्कुये', म्हणजे आभारी आहे, आणि ती दौऱ्याच्या शेवटी पोझनानमध्ये वाजवली. तीच चौकडी त्याच दौऱ्यात पुढे भारतात आली, मुंबईत आली, आणि इथे ब्रूबेक उस्ताद अब्दुल हलीम जाफर खानांच्या सतारीबरोबर बसला.

त्या वसंतात ब्रूबेकला ऐकणाऱ्यांत सोळा वर्षांच्या आतबाहेरचा एक मुलगा होता, तोमाश स्तान्को. प्रत्यक्ष ऐकलेली त्याची ती पहिली जॅझ मैफल. काही वर्षांनी तो कोमेदाच्या गटात ट्रम्पेट वाजवू लागला. 'अस्तिग्मातिक'वर तोच आहे. १९८० मध्ये स्तान्को भारतात आला आणि एकट्या ट्रम्पेटची एक रेकॉर्ड करून गेला. काही भाग ताजमहालात, काही कार्ल्याच्या लेण्यांत.

आपल्या कार्ल्याच्या. एकवीरा आईच्या देवळाशेजारी, जिथे चैत्री यात्रेला कोळी बांधव पालख्या घेऊन येतात, तिथल्या चैत्यगृहात. जवळपास पंचेचाळीस मीटर खोल दगडी दालन, वर दोन हजार वर्षांपूर्वीच्या सागवानी कमानी अजून जागच्या जागी. गर्दी ओसरल्यावर तिथे उभं राहून कोणी 'आ' लावला तर तो स्तूपापर्यंत जातो आणि भरून परत येतो. स्तान्को तेच करतो. एक सूर सोडतो, थांबतो, दगडाचं उत्तर येऊ देतो, आणि मग पुढचा घेतो. ती रेकॉर्ड मी रात्री दिवा बंद करून ऐकतो, आवाज अगदी कमी ठेवून, कारण त्या दोन सुरांमधली शांतता ऐकू यायला हवी असते.